भिंतीला टेकून

३ फेब्रुवारी

नकटे,

दचकू नकोस. तुझ्या ऑफिसच्या निळ्या कोटाला आतून एक खिसा आहे, तो मला इस्त्री करताना सापडला. तुझ्या कपाटाला दुसरं कुणी हात लावत नाही हेही मी तुमच्या दारात उभी असताना ऐकलंय. म्हणून हे पत्र तिथं ठेवतेय. फोन करू नको म्हणालीस, नाही केला. दारात ओळख दाखवू नको म्हणालीस, नाही दाखवली. दर आठवड्याला चौदाव्या मजल्यावर येते, कपड्यांचा गठ्ठा देते, दुसरा घेते, आणि माझी सख्खी पाठची बहीण आत वळून हाक मारते, "इस्त्रीवाली आली!" तेही गिळते. पण आता लिहिल्यावाचून गत्यंतर नाही.

आपल्या मागच्या भिंतीला पोट आलंय.

हसू नकोस, मला दुसरा शब्द सुचत नाही. आपलं घर त्या भिंतीला टेकून उभं आहे हे तुला काय सांगायचं. नुसतं आपलंच नाही, ओळीतल्या आठही घरांना मागची भिंत म्हणजे तीच. तीनच भिंती बांधाव्या लागल्या, चौथी फुकट मिळाली, म्हणून बाबा केवढे खूष होते! तेव्हा पलीकडे ओसाड मैदान होतं, आपल्यापेक्षा थोडं उंचावर. आता तिथं मातीचा भराव टाकून भिंतीच्या उंचीपर्यंत तुमची बाग झाली आणि बागेच्या मागे तुमचा टॉवर. आम्ही खाली, तुमची हिरवळ आमच्या पत्र्याच्या वर.

दिवाळखोर कपाट आठवतं ना, ज्याचं दार कधीच लागत नाही? ते मी भिंतीपासून जरा पुढे ओढून ठेवलेलं. मागून झाडू आरामात फिरायचा. परवा झाडू अडकला. मला वाटलं कपाट सरकलं. कपाट होतं तिथंच आहे गं, भिंत पुढे आलीय.

आणि ओली आहे. पावसाचा थेंब नाही आणि भिंत घामाघूम. आमच्या नळाला पाणी येतं ते करंगळीएवढं, त्यावरून शेजारच्या शिंपिणीशी माझं रोज वाजतं, आणि भिंतीला तळवा लावला तर तळवा ओला. तुमच्या बागेतले ते फिरते फवारे दिवसभर चक-चक-चक-चक करत असतात. इथं खाली सगळं ऐकू येतं.

आईची खाट त्याच भिंतीला लागून आहे. तिला आता जवळजवळ दिसत नाही. कान मात्र तिखट. "भिंत गार लागते, बरं वाटतं," म्हणते.

तुझ्या सासूबाई बागेच्या कमिटीच्या प्रमुख आहेत ना? त्यांना एवढंच सांग, भिंत कुणा जाणत्या माणसाला दाखवा आणि तोवर पाणी बंद ठेवा. तुला कुठून कळलं असं विचारलं तर काय सांगायचं ते तू बघ. थापा मारण्यात तू लहानपणापासून पटाईत.

ताई


११ फेब्रुवारी

नकटे,

कोट परत आला. पत्र खिशात नव्हतं, म्हणजे वाचलंस. उत्तरही नव्हतं, म्हणजे गप्प बसायचं ठरवलंस. ठीक आहे. मी तुला दोष देत नाही.

देते. का नाही देणार?

मी स्वतः तुमच्या सोसायटीच्या ऑफिसात गेले होते. मॅनेजर भला माणूस, बसा म्हणाला, पाणी दिलं. मग उठून खिडकीतून बागेच्या टोकाकडे बघून म्हणाला, "आमच्या बाजूने तर भिंत अगदी सरळ आहे." आता तुमच्या बाजूने भिंत दिसते ती गुडघ्याएवढी, तिच्यावर कुंड्या मांडलेल्या! मी म्हटलं, साहेब, खाली येऊन बघा. म्हणाला, ते आमच्या हद्दीत येत नाही, वॉर्ड ऑफिसला कळवा. वॉर्ड ऑफिसातल्या बाईंनी मान वर न करता सांगितलं, खासगी भिंत आहे, सोसायटीला कळवा. चेंडू झालाय माझा.

शिंपीण म्हणते, आपण सगळ्या मिळून जाऊन आरडाओरडा करू. पहिलवान म्हणतो (अजून तसाच काडीसारखा आहे, नाव मात्र पहिलवान), ओरडा केला तर उलट म्हणतील, तुम्हीच भिंतीला खिळे ठोकून ठोकून ती खिळखिळी केली, उठा इथून. त्याचंही खोटं नाही. त्याच्या घरात भिंतीला टीव्ही आहे, फळ्या आहेत, सायकलसुद्धा टांगलीय. आपल्याकडे आरसा आहे. आरसा आता भिंतीला चिकटून राहत नाही, खालून पुढे येतो. वेणी घालायला उभी राहिले की माझं तोंड जाऊन छप्पर दिसतं.

तुझं अडलंय कुठे ते मला कळतं. लग्नात तू सांगून बसलीस की आई-वडील दोघंही लहानपणीच गेले, मावशीने वाढवलं. बाबा तेव्हा नव्हतेच, निम्मं तरी खरं. पण आई आहे. आणि जगात एवढे टॉवर आहेत, तुझ्या सासरच्यांनी घर घ्यावं ते नेमकं आपल्या डोक्यावर! पहिल्यांदा तुझं दार उघडलं तेव्हा माझ्या हातातला गठ्ठा पडला होता, आठवतं? तुझे ओठ पांढरे पडलेले. मी काही बोलले का? कपडे गोळा केले नि "परत इस्त्री करून आणते बाई" म्हणून खाली आले. आईलाही सांगून ठेवलंय, तू दूर परदेशी नोकरीला आहेस, फोन महाग पडतो. आईने त्यावर कधी एक प्रश्न विचारला नाही. रुसलीय तुझ्यावर.

तेवढं मी तुझ्यासाठी केलं. आता तू एक वाक्य बोल. एकच.

ताई


१९ फेब्रुवारी

नकटे,

मिळाली तुझी चिठ्ठी. अक्षर अजून तसंच, मुंग्या चालल्यासारखं. पाठ केलीय मी: "ताई, तुम्हाला राहायला खोली बघते. भाडं मी देईन. आईला घेऊन लगेच जा. दुसरं काही माझ्या हातात नाही. हे फाडून टाक."

फाडली.

खोटं कशाला बोलू, वाचून पहिल्यांदा बरं वाटलं. जीव टांगणीला लागलाय माझा. रात्रंदिवस कानात तेच, मातीचा खडा पडला की काय, पत्रा कुरकुरला की काय. तुझे भावोजी टेम्पो घेऊन बाहेर गेले की वाटतं, यांना घर परत दिसेल ना? म्हणून मनाशी सामानही बांधायला घेतलं. मग पाणी फेकायला दारात आले, तर शिंपिणीचं दार सताड उघडं, आणि तिची धाकटी उभं राहायला शिकतेय. भिंत धरून. एक हात भिंतीवर, एक हात हवेत, दोन पावलं टाकली की मागे वळून आईकडे बघून हसते. आम्ही खोलीत जाऊ, आणि ही?

आठ घरं आहेत, बाई. आठ खोल्या बघणार आहेस का?

आणि समजा मी मन दगडाचं केलं, तरी घोडं पुढे जात नाही. आई हलायला तयार नाही. मी सांगितलं, तुझ्या धाकटीने पैसे पाठवलेत, चांगल्या खोलीत जाऊ. "मला इथंच बरं आहे." मी म्हटलं, भिंत पडेल. "पडू दे." मी चिडले, म्हटलं निदान खाट तरी दाराशी ओढते. खाटेला हात लावला तर म्हातारीने माझ्या मनगटावर चापट मारली! लहानपणी मारायची तशी. "खाट हलवायची नाही. मी इथून हलेन ती एकदाच." एवढी हट्टी ती कधीच नव्हती. काय त्या भिंतीत ठेवलंय तिने, देव जाणे.

पोळलं बोट माझं काल. तुझ्या नवऱ्याच्या शर्टावर इस्त्री तशीच राहिली आणि लक्ष भिंतीकडे. शर्ट वाचला. वाचला नसता तर बोलणी खाल्ली असती, आणि तू बाजूला उभी राहून ऐकलं असतंस.

ताई


२६ फेब्रुवारी

नकटे,

बसून वाच.

तुझ्या भावोजींना कपड्यांची दोरी बांधायला भिंतीत खुंटी ठोकायची होती. खुंटीला जागा कुठली, तर भिंतीला नवा घाव नको म्हणून ती जुनी भोकं आहेत ना, बुजवलेली, त्यातल्याच एकात. म्हणून त्यांनी वरचा सिमेंटचा पापुद्रा काढला, आतला चिंध्यांचा बोळा ओढला, आणि भस्सकन पाणी! चिळकांडी थेट समोरच्या दारापर्यंत. लाल, मातकट, थंडगार. आपल्या नळाला जन्मात कधी एवढा जोर नव्हता. शिंपीण सवयीने बादली घेऊन धावली, मग पाण्याचा रंग बघून जागीच उभी राहिली. मला त्यातही हसू आलं आणि लगेच रडू आलं.

भोकं आठवतात का तुला? पावसाळ्यात त्यातून पाणी ठिबकायचं. तुझी वही भिजली म्हणून पहिलं भोक तूच बुजवलंस, शाळेचा जुना मोजा कोंबून. बाबांनी तुझं केवढं कौतुक केलं! मग बाकीची त्यांनी बुजवली. मग शिंपिणीने, मग पहिलवानाने, मग सगळ्या ओळीने. इस्त्रीच्या जळक्या चिंध्या मीच वाटल्यात घराघरांत, वर सिमेंटचा हात. पहिलवानाने तर भोकांवरून भिंतीला चकचकीत फरशी लावून घेतली. ती भोकं पाणी बाहेर जायला ठेवलेली होती गं. भिंतीला श्वास घ्यायला. आम्ही तिचं नाक-तोंड दाबून बसलो आणि वरून तुम्ही तिला पाणी पाजताय.

मला कुणी अपराधी ठरवू नये. भिंत बांधणाऱ्याने कुठे पाटी लावली होती का? घरात अंथरुणावर चिखल गळत असेल तर कोणती बाई तो गळू देईल?

भावोजींनी घरोघरी जाऊन सांगितलं, भोकं उघडा. दोघांनी उघडली. तासाभरात घोटाघोटा चिखल, अंथरुणं भिजली, शिंपिणीच्या शिवायला आलेल्या कपड्यांची वाट लागली. पुन्हा बुजवली. पहिलवान तर कानावर हात ठेवून उभा. "फरशी फोडायची? कालपरवा लावलीय!" तोंडाला तोंड लागलं. तुझे भावोजी कधी कुणावर आवाज चढवत नाहीत, ते त्याच्या अंगावर धावून गेले. मी मध्ये पडले. शेवटी आपलं एकच भोक उघडं राहिलंय, त्याच्याखाली नाली खणून पाणी बाहेर काढलंय. एका भोकाने काय होणार? पाणी थांबतच नाही. तुमचे फवारे चालू आहेत तोवर थांबणारही नाही. वरचं पाणी बंद झालं तर भिंत निथळेल, भोकं उघडी ठेवता येतील. म्हणजे सगळं त्या एका वाक्यावर येऊन थांबलंय, जे तू बोलत नाहीस.

मी पुन्हा मॅनेजरकडे गेले होते. आज पाणी विचारलं नाही. म्हणाला, बागेचं पाणी कमी-जास्त करणं कमिटीच्या हातात, आणि बाहेरच्यांच्या तक्रारीवर कमिटी बसत नाही. घरातल्या माणसाने सांगितलं तर गोष्ट वेगळी.

घरातलं माणूस. ऐकलंस?

ताई


४ मार्च

माझी नकटी,

आज भांडत नाहीये. आज मला काही सुचत नाहीये. आधी ही गोष्ट सांगते.

दुपारी इस्त्री करत होते. आई खाटेवर, नेहमीसारखी भिंतीकडे तोंड करून. मला वाटायचं झोपते. मान वळवून बघितलं तर ती हसत होती. तोंडात पदर धरून, लहान मुलीसारखी. मी म्हटलं, काय झालं? तिने ओठावर बोट ठेवलं. मग हळूच म्हणाली, "आली."

"कोण आली?"

"नकटी."

माझ्या हातातली इस्त्री मी उभी करून ठेवली. म्हटलं म्हातारीला भ्रम झाला. म्हटलं, आई, ती परदेशात आहे. तर आई माझ्याकडे न बघता म्हणते, "असेल. पण दुपारची इथं वर येऊन बसते. नाकातून हसते, तशीच. पोरगी आहे तिला. तुला नाही माहीत? आता 'बाबा' म्हणायला लागलीय. 'आई' अजून म्हणत नाही, लबाड."

मी खाटेवर बसले. भिंतीला कान लावला. वरून, पत्रा आणि भिंत यांच्या फटीतून, तुझा आवाज आला. छकुलीला कावळा दाखवत होतीस.

किती दिवसांपासून माहीत आहे गं तिला? मी विचारलं तर म्हणाली, "पहिल्या दिवसापासून. आवाज ओळखणार नाही होय मी?" मग मला का नाही बोललीस? "तू एवढ्या कष्टाने सांगत होतीस, परदेश, फोन महाग. म्हटलं सांगू दे."

म्हणून ती हलत नाही. म्हणून खाट ओढू देत नाही. आणि मी इतके दिवस समजत होते, रुसलीय.

अजून ऐक. ती म्हणाली, "मी खोकले ना, की ती बोलायची थांबते. अगदी गप्प होते. पोरीलाही गप्प करते. म्हणून मी मुद्दाम खोकते." आणि खोकली. खोटं, ठसका लागल्यासारखं. आणि वरचा तुझा आवाज खरंच थांबला.

एवढी मोठी बाग. सावलीत चांगली बाकं आहेत, झोपाळा आहे, गठ्ठे घेऊन येताना नेहमी बघते मी. आणि तू सकाळच्या ऑफिसातून आलीस की पोरीला घेऊन बसतेस त्या टोकाच्या बाकावर, कुंड्यांपाशी, जिथं दुपारी डोळे दिपतात एवढं ऊन. का बसतेस हे मला विचारायला नको, सांगायलाही नको. मी एवढी शहाणी, दोघींच्या मध्ये ये-जा करणारी, आणि मला पत्ता नाही की तुम्ही दोघी एकाच भिंतीला टेकून बसलाय, एक वरून आणि एक खालून.

आता दुसरं. भिंतीला चीर पडलीय. आईच्या उशाकडून आडवी, पहिलवानाच्या घरापर्यंत. सकाळी तिच्यात माझं नख जात होतं. आता बोट जातं. आई म्हणते मी जाणार नाही, दुपार होऊ दे. रोज म्हणते, दुपार होऊ दे.

मी तिला उचलून नेऊ शकते. ओरडेल, चावेल, पण नेईन. बाकी घरांचं काय करू? लोक कुठे जातील? जो जातो तो संध्याकाळी परत येतो, कारण दुसरीकडे जागा नाही.

तू काय करायचं ते मी सांगणार नाही. तुझा संसार आहे, तो मोडावा असं मला कधी वाटलं नाही, शत्रूलाही वाटू नये. फक्त एवढं कर, उद्यापासून त्या बाकावर बसू नकोस. वरची जमीनही त्याच भिंतीवर उभी आहे. पोरगी आहे तुझ्या मांडीवर.

ताई


७ मार्च

अगं बाई माझे,

तू आत्ताच गेलीस आणि मी लिहायला बसलेय. सवय लागली. समोरासमोर एक धड वाक्य बोलले नाही तुझ्याशी, नुसती ओरडले.

ओरडणार नाही तर काय! गल्लीच्या तोंडाशी तू दिसलीस, भरदिवसा, पायात घरातल्या चपला, कडेवर पोरगी. टॉवरच्या फाटकातून निघून मोठ्या रस्त्याने वळसा घालून आलीस, घामाने ओली. सगळी ओळ दारात येऊन उभी. शिंपिणीने विचारलं, "कोण पाहिजे बाई?" आणि तू म्हणालीस, "मी नकटी. ओळखलं नाहीस होय?" शिंपिणीच्या तोंडातली सुई खाली पडली, अजून सापडलेली नाही.

तू सरळ आत गेलीस आणि आईच्या खाटेवर बसलीस. भिंतीला पाठ लावून. मी म्हणत होते, अगं पोरीला घेऊन कशाला आलीस, अक्कल गहाण टाकलीस का, बाहेर हो आधी! तू ऐकलंच नाहीस. आईने तुझा चेहरा चाचपला, नाकावर बोट टेकवलं आणि म्हणाली, "नाक काही वाढलं नाही." मग पोरीचं नाक बघितलं. "हिचंही गेलं."

आणि तू सासूबाईंना फोन लावलास. माझ्या कानात ते शब्द अजून आहेत. "आई, मी भिंतीच्या खाली आहे. नाही, बागेत नाही. खाली. माझ्या आईच्या घरी. हो, आहे माझी आई. सगळं सांगते, आधी पाणी बंद करा. छकुली माझ्याजवळ आहे."

तू "आई" म्हणालीस तेव्हा आपली आई खाटेवरून "काय गं?" म्हणाली होती, ते तुला कळलं का? तू फोनवर होतीस.

छकुलीला मी तुझ्या हातातून हिसकावून बाहेर पळाले, त्याचा राग धरू नकोस. गल्लीच्या टोकापर्यंत पळत गेले तिला घेऊन. ती रडली नाही. माझी वेणी धरून बसली. आणि तिथं उभी असताना चक-चक-चक थांबलं. एकदम, मध्येच. मला आधी कळेना काय झालं. कान बंद झाले असं वाटलं.

मग काय सगळं आपोआप घडलं. मॅनेजर आला, धावत, खाली, आमच्या हद्दीत! त्याच्यामागे दोन इंजिनिअर. भिंतीला हात न लावता लांबूनच बघितलं आणि म्हणाले, सगळे बाहेर, आत्ताच्या आत्ता. आईला तुझ्या भावोजींनी पाठीवर घेतलं. तू पुढे चालत होतीस म्हणून आली, नाहीतर आली नसती. पहिलवानाने टीव्ही काढायला वेळ मागितला, दिला नाही.

मला आनंद व्हायला हवा. झाला. पण सांगू? राग आला तोही तेवढाच. आठ घरांतली पोरं इतके दिवस त्याच भिंतीला धरून चालत होती, तेव्हा एक फवारा थांबला नाही. तुमची एक पोर येऊन बसली आणि फोन खाली ठेवायच्या आत थांबला. तुझ्यावर नाही हा राग. कुणावर आहे ते मलाही नीट सांगता येत नाही.

तुझा नवरा गाडी घेऊन आला, पण उतरला नाही. काच वरच होती. तू दार उघडून बसलीस, पोरीला मांडीवर घेतलंस, आणि माझ्याकडे बघितलंस. मी हात वर करायच्या आत गाडी वळली. घरी काय झालं? काय म्हणाले? भिंतीची काळजी होती तेव्हा निदान ती समोर दिसत तरी होती.

ताई


१२ मार्च

नकटे,

आम्ही सगळे शाळेच्या मोठ्या हॉलमध्ये आहोत. आठही घरं, मध्ये पडदे लावून. बरं चाललंय. शिंपीण नि मी आता पाण्यावरून भांडत नाही, पंख्यावरून भांडतो.

भिंत पडली, कळलंच असेल. माती उपसायला माणसं आली, वरची थोडी उपसली आणि मधला भाग बसला. आवाज हॉलपर्यंत आला. तुमचं टोकाचं बाक कुंड्यांसकट खाली आलं, ते बरोबर आईच्या खाटेवर. खाट काढायची राहिली होती. पहिलवानाचा टीव्हीही गेला. माणूस एकही नाही. मी तिथं जाऊन बघून आले आणि तशीच रस्त्याच्या कडेला बसले. बाक उलटं पडलेलं आणि त्याखाली खाटेचे पाय. आईला सांगितलं नाही.

आता सांगते ते नीट वाच, कारण तुला ऐकू गेलं की नाही मला माहीत नाही.

काल नेहमीसारखा गठ्ठा घेऊन चौदाव्या मजल्यावर गेले. सासूबाईंनी दार उघडलं. मी गठ्ठा पुढे केला. त्यांनी घेतला, माझ्याकडे बघितलं, आणि सवयीने आत वळून म्हणाल्या, "इस्त्री..." आणि थांबल्या. मग म्हणाल्या, "तुझी बहीण आलीय."

आत या म्हणाल्या नाहीत. पण दारही लावलं नाही. गठ्ठा घेऊन आत गेल्या आणि दार तसंच उघडं. मी उंबऱ्याबाहेर उभी. आत कुठे छकुलीचा आवाज येत होता. तू आली नाहीस. आंघोळीला होतीस का? की आत रडत बसली होतीस? की तुला बाहेर यायची मनाई आहे? की यायचं धाडस तुझंच झालं नाही? मी उभी राहिले, पाय अवघडले, मग गुपचूप दार ओढून घेऊन खाली आले.

आणि त्यांनी दिलेल्या गठ्ठ्यात तुझा निळा कोट नाही. नोकरी सोडायला लावली का? तू त्या घरात आहेस तरी का? मी सगळे कपडे दोनदा उलथेपालथे केले. छकुलीचे फ्रॉक होते. लहान पोरांच्या फ्रॉकला खिसा कुठला, म्हणून शिंपिणीकडून एकाला शिवून घेतला, पिवळ्या फ्रॉकला, समोरच. हे पत्र त्यात ठेवतेय. समोरच दिसेल. सासूबाईंनी वाचलं तर वाचू देत. आता लपवायचं काय राहिलंय?

आईला नवी खाट मिळाली. तिने ती हॉलच्या भिंतीला लावून घेतली. दुपार झाली की भिंतीकडे तोंड करते आणि खोकते. मग गप्प राहून ऐकते. मग पुन्हा खोकते. पलीकडे शाळेचं मैदान आहे, पोरं खेळत असतात. त्यातली एखादी हसली की आई मान उचलते आणि परत खाली ठेवते.

काल मी जवळ जाऊन म्हटलं, "आई, आता भिंतीला कान कशाला लावायचा? ती दाराने येणार आहे." तेव्हापासून तिने खाट फिरवून घेतलीय. दाराकडे तोंड करून बसते.

खोटं नाही ना बोलले मी?

तुझी
ताई